कवडीचे मोल आणि जमिनीचे मोल

कर्जत आणि खालापूर हे रायगड जिल्ह्यातील समुद्रकिनारा नसलेले तालुके. एकाच्या डोक्यावर भीमाशंकर-राजमाचीच्या रांगा, दुसऱ्याच्या पाठीशी बोरघाट. उल्हास आणि पाताळगंगा या नद्या तेवढ्या येथून समुद्राकडे धाव घेतात. तरीही समुद्राच्या तळाशी जन्मलेली एक वस्तू येथील घराघरांत ओळखीची आहे. देवीच्या परडीत ती असते, गोंधळ्याच्या आणि पोतराजाच्या गळ्यात तिची माळ असते, तुळजाभवानीच्या भक्तांचे तर ते चिन्हच होय. ही वस्तू म्हणजे कवडी. देवघरापेक्षाही ती भाषेत अधिक भेटते. ‘फुटकी कवडी’, ‘कवडीचुंबक’, ‘कवडीचाही संबंध नाही’ हे प्रयोग सर्वत्रच रूढ आहेत. परंतु ‘कवडीमोल’ हा शब्द या दोन तालुक्यांत गेल्या तीन-चार दशकांत एका विशिष्ट अर्थाने उच्चारला जातो. आजोबांनी डोंगराकडची जमीन कवडीमोलाने विकली, हे वाक्य येथील कितीतरी घरांच्या अलीकडच्या इतिहासाचे सार झाले आहे.

या शब्दात एक गैरसमज दडलेला आहे आणि तो केवळ भाषेचा नाही. कवडी ही मुळातच क्षुद्र व निरुपयोगी वस्तू, तिच्या मोलाने विकले म्हणजे फुकट घालवले, असे आपण गृहीत धरतो. इतिहास निराळे सांगतो. कवडी शेकडो वर्षे जगाच्या मोठ्या भागात उत्तम प्रकारचा पैसा होती. ती निर्मोल नव्हती. ती निर्मोल केली गेली. आणि ती ज्यांच्या हातात उरली, त्यांच्याच जमिनी प्रथम गेल्या. हा इतिहास समजून घेतला तर कर्जत-खालापूरच्या जमिनींचा प्रश्नही अधिक स्पष्ट दिसेल.

समुद्रातील टाकसाळ

कवडी हे एका समुद्री गोगलगाईचे कवच आहे. पैसा म्हणून जी जात चालली, तिला लिनिअस या शास्त्रज्ञाने १७५८ साली नाव देतानाच ‘मोनेटा’, म्हणजे नाण्याची, असे विशेषण जोडले. उथळ, उबदार, प्रवाळयुक्त पाण्यात ती राहते. जिवंतपणी तिच्या अंगाचा मऊ पडदा कवचाला बाहेरून वेढून असतो, म्हणूनच कवडीला घासण्या-पुसण्यावाचून ती चकाकी येते. वाढ पूर्ण झाली की कवचाची कड आत वळते, फटीला दात येतात आणि त्यानंतर ते कवच मोठे होत नाही, केवळ जाड होत जाते. साहजिकच पूर्ण वाढलेल्या कवड्या आकाराने बहुतेक सारख्या भरतात. मोजता येतात, तोलता येतात, झिजत नाहीत, सडत नाहीत आणि मुख्य म्हणजे कोणाला बनावट करता येत नाहीत. चांगल्या पैशाची जी लक्षणे अर्थशास्त्राच्या पाठ्यपुस्तकात विद्यार्थी पाठ करतात, ती जवळजवळ सारी या गोगलगाईने पूर्ण केली होती.

मालदीव बेटे ही या पैशाची टाकसाळ. नारळीच्या झावळ्या उथळ पाण्यात सोडायच्या, त्यांना चिकटलेल्या कवड्या काढायच्या, आतील जीव कुजून जाईपर्यंत त्या वाळूत पुरून ठेवायच्या आणि मग धुऊन गोण्या भरायच्या, अशी ती रीत होती. चौदाव्या शतकात मालदीवमध्ये राहिलेला प्रवासी इब्न बतूता याने नोंदवले आहे की, तेथे एका सोन्याच्या दिनारला चार लाख कवड्या मिळत, आणि कधी कधी बारा लाखही. बंगालचे व्यापारी तांदूळ देऊन त्या नेत. त्याच प्रवाशाने पुढे आफ्रिकेच्या पश्चिम भागात, माली आणि गाओ येथे, एका दिनारला ११५० कवड्या असा भाव पाहिला. सतराव्या शतकात हिंदुस्थानात फिरलेला फ्रेंच जवाहिऱ्या तावेर्निये याचेही निरीक्षण याच जातीचे आहे. समुद्राजवळ एका पैशाला ऐंशीपर्यंत कवड्या मिळत, तर आग्र्यास पन्नास-पंचावन्नच. समुद्र जितका दूर, तितके कवडीचे मोल अधिक. वस्तू तीच, तिची किंमत ठरत होती ती वाहतुकीने, दुर्मिळतेने आणि ती स्वीकारणाऱ्यांच्या विश्वासाने.

महाराष्ट्राच्या विद्यापरंपरेतही कवडीला स्थान आहे. ज्यांच्या घराण्याचा शिलालेख चाळीसगावजवळील पाटण येथे आहे, त्या भास्कराचार्यांच्या बाराव्या शतकातील ‘लीलावती’च्या आरंभीच नाण्यांचे कोष्टक दिलेले आहे. वीस वराटकांची, म्हणजे कवड्यांची, एक काकिणी. चार काकिणींचा एक पण. सोळा पणांचा एक द्रम्म. म्हणजेच १२८० कवड्यांचा एक द्रम्म. बंगाल-ओडिशात पुढे अठराव्या-एकोणिसाव्या शतकांपर्यंत चाललेल्या ‘कहाण’ या मापातही नेमक्या १२८० कवड्याच असत. सहा-सात शतके टिकून राहिलेले हे प्रमाण क्षुद्र वस्तूचे खासच नव्हे. आपल्या मुलुखात किरकोळ व्यवहार पुढे मुख्यतः शिवराईसारख्या तांब्याच्या नाण्यांवर चालले. कवडीचे खरे राज्य पूर्वेकडे होते. परंतु ज्याच्यापाशी रुपया कधी येतच नसे, अशा मजुराचा, कोळ्याचा, बाजारहाट करणाऱ्या बाईचा पैसा तोच होता.

पैसा मेला, जमीन गेली

हा पैसा कसा मेला? तो कुजला नाही आणि फुटलाही नाही. त्याच्या मृत्यूची कारणे दोन, आणि दोन्ही माणसांनी घडवलेली.

पहिले कारण राज्यसत्तेचे. १७७० च्या दशकाच्या अखेरीस सिल्हेटमध्ये कंपनीचा कलेक्टर म्हणून आलेल्या रॉबर्ट लिंडसे याने लिहून ठेवले आहे की, त्या जिल्ह्याचा अडीच लाख रुपयांचा वसूल सारा कवड्यांतच येई. रुपयाला ५१२० कवड्या या दराने हा आकडा सव्वाशे कोटी कवड्यांच्या वर जातो. एका रुपयाच्या कवड्यांचे वजनच पाच-सहा किलो भरेल. त्या साठवायला कोठारे आणि डाक्क्याला न्यायला होड्यांचा तांडा लागे. कंपनीला ही अडगळ वाटली, यात नवल नाही. परंतु ती दूर करताना तिने जे केले त्याचा भार रयतेवर पडला. १८०३ मध्ये ओडिशा कंपनीच्या हाती गेल्यावर सारा रुपयांत भरण्याची सक्ती आली. सरकारी दर चार कहाणांना एक रुपया असा असला, तरी रुपयांची मागणी एकदम वाढल्याने बाजारात एका रुपयासाठी त्याहून कितीतरी अधिक कहाण मोजावे लागू लागले. ज्याचे उत्पन्न कवड्यांत आणि देणे चांदीत, त्याचा सारा कागदावर न वाढताही प्रत्यक्षात वाढला. थकबाकी साचली, मिळकती लिलावात निघाल्या आणि त्यांपैकी कित्येक दूर कलकत्त्यात बसलेल्या खरेदीदारांनी अल्प किमतीला उचलल्या. १८१७ साली खुर्द्यात बक्षी जगबंधू यांच्या नेतृत्वाखाली पाइकांचा जो उठाव झाला, त्याच्या कारणांत इनामे जाणे आणि मिठावरील मक्तेदारी यांच्या जोडीला कवडीचे हे अवमूल्यनही इतिहासकार मोजतात. स्वतः जगबंधूंची जहागीरही अशाच व्यवहारांत गेलेली होती.

दुसरे कारण व्यापाऱ्यांचे. डच आणि इंग्रज व्यापारी मालदीवच्या कवड्या जहाजाचा तोल राखण्यासाठी तळाशी भरून युरोपात नेत आणि तेथून पश्चिम आफ्रिकेत. तेथे त्या कवड्या देऊन माणसे विकत घेतली जात. अठराव्या शतकात अशा अब्जावधी कवड्या आफ्रिकेत उतरल्या. पुढे १८४० च्या दशकाच्या मध्यापासून हँबुर्गच्या व्यापाऱ्यांनी झांझिबारच्या बाजूची, मालदीवच्या कवडीपेक्षा स्वस्त पडणारी दुसऱ्या जातीची कवडी जहाजे भरभरून त्याच बाजारात ओतली. पुरवठा बेसुमार वाढला आणि मोल कोसळले. विसाव्या शतकाच्या आरंभी वसाहतींच्या सरकारांनी उरलीसुरली कवडीही कर म्हणून नाकारली. ज्यांनी ताडतेल, श्रम आणि प्रसंगी आपले शेजारी देऊन कवड्यांचे ढीग जमवले होते, त्यांच्या हाती शेवटी शिंपलेच उरले. घाना या देशाने १९६५ मध्ये आपल्या नव्या चलनाला ‘सेडी’ हे नाव दिले, ते तेथील भाषेतील कवडीच्याच नावावरून. एवढीच काय ती स्मृती.

या दोन्ही कथांतील सूत्र एकच आहे. पैसा ही वस्तू नव्हे, ते एक वचन आहे. वचन देणारा बदलला, किंवा वचने प्रमाणाबाहेर वाटली गेली, की त्याचे मोल उतरते. मोल उतरणार हे ज्यांना आधी कळते, ते आपला पैसा चांदीत आणि जमिनीत बदलून मोकळे होतात. ज्यांना शेवटी कळते ते तो हातात धरून बसतात.

घाटाखालचा व्यवहार

आता कर्जत-खालापूरकडे वळू. हे तालुके मुंबईच्या आणि पुण्याच्या मधोमध. १८६३ मध्ये बोरघाटातून रेल्वे गेली, १९१५ मध्ये खोपोलीला आणि १९२२ मध्ये भिवपुरीला टाटांची वीज तयार होऊ लागली. तरीही दीर्घकाळ येथील वरकस जमीन, डोंगरउतार आणि एकपिकी भातखाचरे यांना शहराच्या लेखी किंमत नव्हती. २००२ मध्ये मुंबई-पुणे द्रुतगती मार्ग पूर्ण झाला आणि चित्र पालटले. तावेर्नियेच्या कवडीचे मोल समुद्रापासून दूर जाताना वाढत होते; जमिनीचे मोल शहरापासून दूर जाताना घटते. कारण दोन्हीकडे एकच, वाहतुकीचा खर्च. रस्त्याने तो कमी केला आणि चौक, खालापूर, नेरळ, कर्जत ही गावे एका रात्रीत मुंबईच्या ‘जवळ’ आली. ही वाढ शेतकऱ्याच्या नांगराने झाली नाही, तशीच खरेदीदाराच्या श्रमानेही झाली नाही. ती सार्वजनिक पैशाने बांधलेल्या रस्त्यामुळे झाली. रस्ता कोठून जाणार हे ज्याला आधी ठाऊक होते, त्याने ती वाढ खिशात घातली. ज्याला ठाऊक नव्हते, त्याने साठेखतावर अंगठा उठवला. कवडीची कथा येथे पुन्हा घडली.

यात सर्वांत दुबळा पक्ष आदिवासींचा. ठाकूर आणि कातकरी हे या डोंगरांचे जुने रहिवासी. कातकरी तर महाराष्ट्रातील तीन विशेष असुरक्षित आदिवासी गटांपैकी एक. कोळसा आणि वीटभट्ट्यांवर ‘उचल’ घेऊन दरवर्षी स्थलांतर करणारा. त्यांच्या कित्येक वाड्या आजही दुसऱ्याच्या सातबाऱ्यावर उभ्या आहेत, त्यामुळे मालकाने जमीन विकली की घराखालची भुईच परकी होते. इंग्रजी अमदानीत वनखात्याने लागवडीस दिलेल्या ‘दळी’ जमिनींचे दावे २००६ च्या वनहक्क कायद्यानंतरही मार्गी लावण्यासाठी झगडावे लागले. कायदे नाहीत असे नाही. महाराष्ट्र जमीन महसूल संहितेत १९७४ मध्ये कलम ३६-अ घालण्यात आले. त्यानुसार आदिवासीची जमीन बिगरआदिवासीला विकायची तर शासनाच्या संमतीने जिल्हाधिकाऱ्यांची पूर्वपरवानगी लागते. त्याच वर्षी आदिवासींना त्यांच्या जमिनी परत देण्याचा स्वतंत्र अधिनियमही झाला. परंतु कायदा व्यवहाराची परवानगी तपासतो. व्यवहारानंतर विक्रेत्याच्या हातात काय उरते, हे कोणी तपासत नाही.

दोन आक्षेप

यावर एक आक्षेप हमखास घेतला जातो. शेतकरी अज्ञान बालक नाही. एकपिकी भातशेती परवडत नाही, कर्जतच्या संशोधन केंद्राने भाताच्या नव्या जाती दिल्या तरी खाचर दीड-दोन एकरांचे असेल तर त्यावर कुटुंब चालत नाही. मग त्याने जमीन विकून मुलाला शिकवले, आजाऱ्यावर उपचार केले, पक्के घर बांधले, तर त्यात चूक काय? हा आक्षेप वजनदार आहे आणि तो प्रामाणिकपणे मान्य केला पाहिजे. विकण्याचा हक्क हा मालकीचाच भाग होय. शहरात निवृत्तिवेतनावर निर्धास्त बसून खेड्यातल्या माणसाला जमीन न विकण्याचा उपदेश करणे सोपे असते.

परंतु प्रश्न विकावे की न विकावे हा नाही. विकून काय घ्यावे हा आहे. साधा हिशेब पाहू. एखाद्याला जमिनीचे दहा लाख रुपये मिळाले असे समजा. भाववाढ वर्षाला सहा टक्के असली, तर घरात ठेवलेल्या त्या रकमेची खरेदीशक्ती बारा वर्षांत निम्म्यावर येते. बँकेत मुदतठेव ठेवली तरी व्याजातून घर चालवले की मुद्दल भाववाढीपुढे उघडेच राहते. म्हणजे जमीन विकणारा माणूस न झिजणारी मालमत्ता देऊन झिजणारी घेतो. चलनाची झीज ही अपवादात्मक घटना नव्हे, तो नियमच आहे. २०११ च्या जूनअखेर पंचवीस पैशांचे आणि त्याखालचे नाणे व्यवहारातून कायदेशीररीत्या बाद झाले. एका पिढीपूर्वी त्याच नाण्याला खाऊ मिळत असे. नोव्हेंबर २०१६ मध्ये एका रात्रीत पाचशे आणि हजारच्या नोटा चलनातून गेल्या, तेव्हा घरात रोकड ठेवणाऱ्या खेड्यापाड्यांतील माणसांनाच सर्वाधिक रांगा लावाव्या लागल्या. कवडी आणि नोट यांत फरक आहे; धारकाची स्थिती मात्र पुष्कळशी सारखीच आहे.

दुसरा आक्षेप असा की, बाजारात जो भाव मिळाला तोच खरा भाव. वास्तविक पाहता दोन्ही पक्षांना समान माहिती असेल तेथेच हे तत्त्व लागू होते. एका बाजूला विकास आराखडा वाचू शकणारा खरेदीदार व त्याचा दलाल, दुसऱ्या बाजूला वीटभट्टीची उचल फेडण्याच्या घाईत असलेला विक्रेता. येथे जो ठरतो तो बाजारभाव नव्हे, तो गरजेचा भाव होय.

उपाय शेजारीच आहेत

यावर उपाय परदेशांतून आणण्याची आवश्यकता नाही. नवी मुंबईसाठी पनवेल-उरणच्या शेतकऱ्यांच्या जमिनी संपादित झाल्या, तेव्हा प्रथम केवळ रोख मोबदलाच पुढे आला. जानेवारी १९८४ मध्ये दि. बा. पाटील यांच्या नेतृत्वाखालील आंदोलनात उरण तालुक्यात पाच जणांनी प्राण दिले आणि त्या संघर्षातूनच पुढे साडेबारा टक्के विकसित भूखंड परत देण्याचे तत्त्व मान्य झाले. त्या तत्त्वाचे मर्म असे की, जमीन देणाऱ्याला नुसते चलन देऊ नये, वाढणाऱ्या मालमत्तेत वाटा द्यावा. हेच तत्त्व पुण्याजवळ हडपसरच्या मगरपट्ट्यात शेतकऱ्यांनी स्वतःच वेगळ्या रीतीने अमलात आणले. शंभराहून अधिक कुटुंबांनी सुमारे चारशे एकर जमीन एकत्र केली, कंपनी स्थापली आणि जमीन विकून बाहेर पडण्याऐवजी भागधारक म्हणून आत राहिले. अर्थात ते शेतकरी बागायतदार होते, परस्परांचे नातलग होते आणि त्यांच्यापाशी नेतृत्व होते. कातकरी वाडीत यांतले फारसे काही नाही, म्हणून तेथे शासनाला अधिक पुढे यावे लागेल.

कर्जत-खालापूरमध्ये संपादन थोडे आणि खासगी खरेदी फार. त्यामुळे साडेबारा टक्क्यांसारखे कोणतेच छत्र येथे नाही. निदान तीन गोष्टी तरी शक्य आहेत. पहिली, आदिवासी जमिनीच्या विक्रीस परवानगी देताना मोबदल्याचा ठरावीक भाग रोख न देता भूखंड, भागभांडवल किंवा वार्षिक उत्पन्नाच्या रूपाने देण्याची अट असावी. दुसरी, विक्रीऐवजी दीर्घ मुदतीचा भाडेपट्टा शक्य व्हावा, त्यासाठी कायद्यात लागेल ती दुरुस्ती व्हावी आणि भाडे रुपयांच्या स्थिर आकड्यात नव्हे, तर भाताच्या हमीभावाशी जोडलेले असावे. मालदीवच्या बेटवासीयांनी कवड्या देऊन तांदूळ घेतला, यात त्यांचे शहाणपण होते. त्यांनी टाकसाळीतला माल दिला आणि पोटाची वस्तू घेतली. तिसरी, प्रत्येक ग्रामपंचायतीच्या फलकावर गावातील अलीकडच्या खरेदीखतांचे भाव आणि आराखड्यातील प्रस्तावित रस्ते मराठीत लावले जावेत. या माहितीत गुप्त असे काही नाही. ती केवळ वाडीपर्यंत पोहोचत नाही.

शेवटच्या कामात शिक्षक, कारकून आणि विद्यार्थी यांचा वाटा मोठा ठरेल. सातबारा आणि फेरफार वाचून दाखवणारा, साठेखत आणि कुलमुखत्यारपत्र यांतला फरक समजावणारा, व्याज व भाववाढ यांचा हिशेब मांडणारा माणूस प्रत्येक वाडीजवळ असतो. बहुधा तो तिथल्याच शाळेत किंवा कचेरीत नोकरीला असतो. या भूमीला अशा कामाची परंपराही आहे. १९४३ च्या जानेवारीत सिद्धगडावर हुतात्मा झालेले माथेरानचे भाई कोतवाल हे वकील होते. हाती शस्त्र घेण्यापूर्वी त्यांनी याच भागात शेतकऱ्यांना सावकाराच्या पाशातून सोडवण्यासाठी धान्यकोठ्या काढल्या होत्या. अडचणीच्या दिवसांत गरिबाला पैशापेक्षा धान्याचा आधार खरा, हे त्या तरुण वकिलाने नेमके ओळखले होते.

जुलै २०२३ मध्ये खालापूर तालुक्यातील इर्शाळवाडी दरडीखाली गाडली गेली, तेव्हा डोंगराच्या कुशीतील ठाकूर वस्त्या किती असुरक्षित आहेत, याची जाणीव साऱ्या महाराष्ट्राला झाली. सुरक्षित, सपाट जमीन या तालुक्यांत झपाट्याने इतरांच्या नावावर होत आहे आणि मूळ रहिवासी उताराकडे ढकलले जात आहेत, हे वास्तव त्या दुर्घटनेच्या संदर्भातही विचारात घ्यावयास हवे. जमीन ही पुनर्वसनासाठीही लागते आणि ती एकदा गेली की सरकारलाही परत विकत घ्यावी लागते, ती वाढलेल्या भावाने.

कवडीला मोल होते तोपर्यंत तिने गरिबांचा बाजार चालवला. तिचे मोल ज्यांनी घालवले त्यांचे फारसे बिघडले नाही. बिघडले ते शेवटी ती जवळ बाळगणाऱ्यांचे. म्हणून ‘कवडीमोल’ हा शब्द वापरताना तो विक्रेत्याच्या मूर्खपणाचा दाखला म्हणून वापरू नये. देणारा वाढती वस्तू देतो आणि घेतो मात्र घटते वचन, अशा व्यवहाराचे ते नाव आहे. कर्जत-खालापूरमध्ये अजूनही जी जमीन मूळ हातांत आहे, तिच्याबाबत तरी हे नाव लागू नये, याची तजवीज करण्यास वेळ थोडा उरला आहे, पण उरला आहे.